ताला लागत न्हाय

संपादकांचा फोन आला. "सर, यंदाच्या अंकात गणितातल्या गमतीजमती लिहा. हलकंफुलकं. लोकांना गणित आवडायला लागलं पाहिजे." लोकांना गणित आवडायला लावण्याचा पगार मी भिवंडीतल्या एका मराठी हायस्कुलात निवृत्त होईपर्यंत घेतला, आणि त्या बाबतीत माझी कामगिरी सांगण्यासारखी नाही. गमतीही फारशा आठवत नाहीत. वैताग आठवतो. तो सगळा एका ओळीत मावतो, म्हणून ती ओळच आधी लिहितो:

−४क्ष = २०

पुस्तकात क्षच्या जागी इंग्रजी एक्स येऊन बरीच वर्षं झाली. मी क्ष लिहितो. निवृत्त माणसाला एवढा हट्ट चालावा.

ज्यांनी शाळेबरोबर गणितही सोडलं त्यांच्यासाठी सांगतो. एका अनोळखी संख्येला वजा चारने गुणलं आणि वीस आले. तर ती संख्या कोणती? वजा पाच. कारण वजाला वजाने गुणलं की अधिक येतं. संपलं. याला एका पायरीचं समीकरण म्हणतात. दोन पायऱ्यांची असतात, चारचीही असतात. ही बिचारी एकच पायरी आणि तीही बुटकी. पण आठवीच्या वर्गात दरवर्षी निम्म्याहून जास्त मुलं तिच्यावरून घसरायची आणि उत्तर काढायची: पाच.

आधी त्या आडव्या रेघेचाच घोळ होता. पुस्तक तिला 'ऋण' म्हणे, मी 'उणे' म्हणे, मुलं 'वजा' म्हणत आणि निजामपुऱ्यातून येणारी मुलं 'मायनस'. एका रेघेला चार नावं, आणि कामंही दोन. 'दहा वजा चार' म्हणताना ती रेघ काहीतरी करते, चार काढून घेते. नुसतं 'वजा चार' म्हणताना ती काहीच करत नाही, ती त्या चाराचा स्वभाव असते. मोठ्या माणसांनाही काम आणि स्वभाव यांतला फरक कळत नाही, तर तेरा वर्षांच्या मुलांना का कळावा?

त्यात आमच्या शाळेच्या भिंतीला लागून यंत्रमागांची शेड. दिवसभर खटखट खटखट. त्या आवाजात 'उणे चार' म्हटलं की मागच्या बाकांवर 'गुणे चार' ऐकू जाई आणि मुलं निष्ठेने गुणाकार करत. शुक्रवारी माग बंद असत म्हणून ऋण संख्या मी शुक्रवारी शिकवायला घेतल्या. पण शुक्रवारी अर्धा वर्ग दुपारच्या नमाजाला जाई. म्हणजे ज्या दिवशी ऐकू यायचं त्या दिवशी ऐकायला कोणी नाही. शिक्षणाधिकाऱ्यांच्या व्याख्यानांत बालमानसशास्त्राचा फार उल्लेख असे. यंत्रमागाचा कधी नसे.

या सगळ्यावर आमच्या मुख्याध्यापकांनी उपाय काढला. गृहस्थ सज्जन, पण त्यांना सुविचारांचं व्यसन होतं. तपासणी आली की बंद गळ्याचा कोट निघे आणि भिंतींवर सुविचार उमटत. पाण्याच्या टाकीवर 'पाणी हेच जीवन', जिन्याखाली 'प्रगतीच्या पायऱ्या'. एका वर्षी त्यांना वाटलं, गणिताचाही एक असावा. निजामपुऱ्यातल्या रफिक पेंटरला बोलावलं. हा एरवी टेंपोच्या पाठी रंगवायचा. त्याने आठवीच्या वर्गाबाहेरच्या व्हरांड्यात, लाल तेलरंगात, दोन्ही बाजूंना गुलाबाची फुलं काढून लिहिलं:

बाजू बदलली की चिन्ह बदलते

सुविचाराच्या अनावरणाला गावातले एक पुढारी आले. नारळ फुटला. या पुढाऱ्यांनी नुकताच पक्ष बदलला होता आणि निवडणूक नव्या चिन्हावर लढवली होती. त्यांनी वाक्य मोठ्याने वाचलं आणि म्हणाले, "हा नियम विद्यार्थ्यांनी जन्मभर पाळावा." मागे उभ्या पालकांनी इतक्या टाळ्या वाजवल्या की त्यांनी तेच वाक्य आणखी एकदा म्हटलं. मुख्याध्यापक कृतार्थ दिसत होते. त्या समारंभात वाक्याच्या अर्थाकडे लक्ष नसलेले ते दोघेच होते.

आता या नियमाची खोड सांगतो. क्ष − ७ = −३ असेल तर नियम चालतो. सात बरोबरच्या चिन्हापलीकडे जातात, वजाचे अधिक होतात, उत्तर चार येतं. पण −४क्ष = २० ला तोच नियम लावा. वजा चार पलीकडे गेले, चिन्ह बदललं, अधिक चार झाले, वीस भागिले चार, उत्तर पाच. नियम अगदी मन लावून पाळला आणि उत्तर चुकलं. जी मुलं लक्ष देत नसत त्यांचं कधीमधी बरोबर येई. चुकायची ती आज्ञाधारक मुलं.

खरं म्हणजे पलीकडे कोणीच जात नसतं. ती सगळी अफवा आहे. आपण दोन्ही बाजूंना एकच गोष्ट करतो. क्ष − ७ मध्ये दोन्हीकडे सात मिळवतो, म्हणून डावीकडचा 'वजा सात' नाहीसा होतो आणि उजवीकडे 'अधिक सात' दिसतो. −४क्ष मध्ये दोन्हीकडे वजा चारने भागतो. तिथे वजा आहे तसाच राहतो. हे दाखवायला मी वाण्याकडून तराजू आणला. दोन्ही पारड्यांत सारखे बटाटे घाला, सारखे काढा, काटा हलत नाही. छान चाललं होतं. मग पहिल्या बाकावरचा इक्बाल उठला.

इक्बालच्या घरचे माग होते. घरी कोकणी वळणाची मराठी, गल्लीत हिंदी, आणि वर्गात दोन्हीची खिचडी. म्हणाला, "सर, सब ठीक हाय. पण वजा चार बटाटे कुठून आणायचे?"

तराजू मी वाण्याला परत केला.

राहता राहिला ताळा. उत्तर आलं की ते मूळ समीकरणात परत घालून बघायचं. पाच घातले तर वजा वीस येतात. हवे होते वीस. म्हणजे ताळा जुळला नाही, उत्तर चुकलं. याला नियम लागत नाही, क्लास लागत नाही, फक्त थोडी लाज लागते. मी प्रत्येक उत्तराखाली ताळा लिहायची सक्ती केली. इथे भिवंडीने मला पुन्हा गाठलं. खाडीकाठच्या अंजूर गावाकडची मुलं ळचा ल करतात. शाळेची शाला, केळ्याचं केला, आणि ताळ्याचा ताला. शहरातल्या मुलांच्या हिंदीत ताला म्हणजे कुलूप. इक्बालने प्रामाणिकपणे विचारलं, "सर, उत्तराला ताला कशाला लावायचा? चोरून कोण नेणार?"

वर्ग हसला. मागच्या बाकावरची एक मुलगी मात्र हसली नाही. तिने वहीत काहीतरी लिहून घेतलं.

ती मंदा भोईर. अंजूरची. गावात सातवीपर्यंत शाळा, म्हणून आठवीला भिवंडीत आलेली. जूनमध्ये तिला घालायला बाप आला होता, बाळाराम भोईर. पांढरा सदरा, पायात नव्या चपला, त्या चावत असाव्यात, कारण बोलताना एक पाय सारखा बाहेर काढत होता. मला म्हणाला, "मास्तर, सरल सांगतो. पोरगी पास झाली तर शिकल. न्हाय झाली तर घरी. वरच्या वर्गात चडवली न् ढकलली, तसं नको. पास म्हंजे पास. माझा काय हट न्हाय."

ज्या माणसाचा हट्ट असतो तो हे वाक्य हटकून बोलतो. घरी म्हणजे काय, तेही मला माहीत होतं. तिची मोठी बहीण सातवीनंतर घरी बसली आणि पुढच्या हंगामात तिचं लग्न झालं.

मंदा हुशार होती असं मी म्हणणार नाही. भूमितीत ती साफ बुडायची, प्रमेय पाठ होत नसे. तिचा दोष एकच, तिला कारण लागायचं. मी फळ्यावर −४क्ष = २० लिहिलं आणि वर्गाने नेहमीप्रमाणे एका सुरात "पाच!" म्हटलं. मी खडू आपटणार, तेवढ्यात ती उठली.

"सर, एक इचारू?"

"विचार."

"माझी आत्या खाडीच्या पल्याड दिली हाय. ती तिकडं गेली म्हून काका झाली न्हाय. आत्याच हाय. मग वजा चार पल्याड गेलं तर अधिक कसं व्हतं?"

इक्बाल म्हणाला, "आत्याला मूंछ आली तर?" आणि वर्ग पुन्हा फुटला. मी रागावलो, कारण तास संपत आला होता. पण स्टाफरूममध्ये चहा पिताना माझ्या लक्षात आलं, की पलीकडे जाण्याच्या त्या भाकडकथेवर इतकी वर्षं मी जे बोलत आलो होतो, त्यातलं एकही वाक्य या आत्येइतकं सरळ नव्हतं.

आत्येचा प्रश्न पडल्यापासून मंदाने नियम टाकला. तो वापरायचाच नाही असं ठरवून टाकलं. समीकरण दिलं की ती अंदाजाने संख्या घालून बघे. "पाच घातलं. ताला न्हाय लागला. वजा पाच घातलं. ताला लागला." उत्तर बरोबर, वर एकही पायरी नाही.

"मंदा, पायऱ्या कोण लिहिणार?"

"लागला ना ताला?"

"लागला. पण कसा लागला ते परीक्षकाला कसं कळणार?"

"त्यांनी लावून बगावा."

मी कपाळावर हात मारला. एकीकडे ज्यांना पायऱ्या येतात आणि उत्तर येत नाही अशी मुलं, दुसरीकडे जिला उत्तर येतं आणि पायऱ्यांशी वैर, अशी ही एक. दिवाळीनंतर मी तिला मधल्या सुट्टीत बसवून दोन्ही बाजूंना भागायचं शिकवलं. ते तिला पटलं, कारण त्यात कोणी कुठे जात नव्हतं. मग ती लिहू लागली: 'दोन्हीकडे वजा चारने भागलं.' पुढची ओळ, 'क्ष = −५.' खाली, 'ताला लागला.' मी ताला खोडून ताळा केला. तिने पुढच्या वेळी पुन्हा ताला लिहिला. मी पुन्हा खोडला. मार्चपर्यंत आमचं हे चालू होतं. शेवटी मी थकलो. माझ्या लाल पेनाला तेवढंच काम नव्हतं.

वार्षिक परीक्षेचे पेपर आपल्याच वर्गाचे तपासायचे नाहीत असा शाळेचा नियम. माझ्या वर्गाचे मुख्याध्यापकांकडे गेले. एप्रिलच्या शेवटी निकालपत्रकासाठी गुण आले तेव्हा मी मंदाचा आकडा शोधला. नापास. समीकरणांच्या अख्ख्या प्रश्नाला शून्य. पेपर काढून पाहिला तर उत्तरं सगळी बरोबर, पायऱ्या व्यवस्थित, प्रत्येकाखाली 'ताला लागला'. समासात लाल शाईत मुख्याध्यापकांचा शेरा: 'नियम वापरला नाही.' आणि पहिल्या ताल्याभोवती गोल करून एक मोठं प्रश्नचिन्ह.

इक्बालचा पेपरही पाहिला. त्याने नियम वापरला होता, उत्तर पाच काढलं होतं, ताळा लिहिलाच नव्हता. त्याला निम्मे गुण. शेरा: 'पद्धत बरोबर. किरकोळ चूक.'

मी दोन्ही पेपर घेऊन मुख्याध्यापकांच्या खोलीत गेलो. डोक्यावर पंखा गरगरत होता आणि त्याखाली ते निकालाच्या दिवशीचं भाषण लिहीत होते.

"सर, या मुलीची उत्तरं बरोबर आहेत."

त्यांनी चष्मा वर केला. "उत्तराला काय अर्थ आहे? पद्धत हवी."

"पद्धतही बरोबर आहे. दोन्ही बाजूंना वजा चारने भागलंय. पुस्तकात सुरुवातीला हेच दिलंय."

"सुरुवातीला. पुढे नियम दिला आहे. आपण तो भिंतीवर लिहिला आहे."

"भिंतीवरच्या नियमाने पाच येतं, सर."

"ते मुलांनी नियम नीट न लावल्यामुळे."

"मुलांनी अगदी नीट लावलाय. म्हणूनच पाच येतं."

त्यांनी पेपर उचलून पुन्हा वाचला. बाहेर माग चालू होते. मला वाटलं, आता पटेल. पण त्यांनी विचारलं, "आणि हे ताला म्हणजे काय? हे कुलूपबिलूप?"

"ताळा, सर. अंजूरची मुलगी आहे."

"मग तसं लिहायला हवं. मराठी शाळा आहे आपली."

मी म्हटलं, भाषेचे गुण मराठीच्या पेपरात कापा, इथे नको. ते त्यांना आवडलं नाही. त्यांनी मधला मार्ग काढला. "असं करू. मुलीला वर चढवू. तुमच्या शब्दाखातर."

वर चढवणं म्हणजे नापास मुलाला दया म्हणून पुढच्या वर्गात बसवणं. प्रगतिपुस्तकात 'उत्तीर्ण' लिहिलेलं नसतं, 'वर चढवले' लिहिलेलं असतं, आणि गावात ते दोन शब्द कोणालाही वाचता येतात.

"तिच्या वडलांनी सांगितलंय, चढवलेली नको. पास झाली नाही तर ती घरी बसेल. बरोबर गणित सोडवल्याबद्दल घरी बसेल, सर."

"मग मी काय करू? आमचा नियम चुकीचा आहे असं लिहून देऊ? पुढारी येऊन नारळ फोडून गेलेत. शिवाय शेरा शाईने लिहिला आहे. शाईचा शेरा खोडायचा म्हणजे खाली सही आली, कारण आलं."

मी खडू घेऊनच गेलो होतो. त्यांच्या खोलीतल्या फळ्यावर सगळं पुन्हा मांडायची, तराजूपासून आत्येपर्यंत सगळं सांगायची माझी तयारी होती. त्याची गरज पडली नाही. त्यांनी पेपर पुढ्यात ओढला. मग पेन उघडलं, 'नियम वापरला नाही' यातला 'नाही' तेवढा एका रेघेने खोडला, बाजूला बारीक सही केली आणि पूर्ण गुण लिहिले.

"झालं?" ते म्हणाले. "आता कारण द्यावं लागत नाही."

एक आडवी रेघ मारली आणि उण्याचं अधिक झालं. व्यवहारात ही पद्धत गणितापेक्षा फार लवकर उरकते. मी आभार मानले आणि बाहेर आलो. बाहेर आल्यावर मला माझा राग आला, त्यांचाही आला. पण पेपरावर गुण होते.

निकालाच्या दिवशी बाळाराम भोईर स्वतः आला. या वेळी चपला जुन्या होत्या. प्रगतिपुस्तक त्याने वाचलं नाही, सरळ माझ्याकडे दिलं. "मास्तर, तुमी वाचा. पास का चडवली?"

"उत्तीर्ण. म्हणजे पास."

"कोनाच्या मेहरबानीनं न्हाय ना?"

"गुणांनी."

"मग जाईल नववीला," तो म्हणाला, आणि मंदाकडे न बघता पुढे चालू लागला. मंदा मागे थांबली होती.

"सर, माझं समीकरण बरोबर आलं ना? किती दिलं?"

उत्तरपत्रिका मुलांना दाखवायची पद्धत नव्हती. मी दाखवली. तिला आनंद होईल असं मला वाटलं होतं. तिने गुण पाहिले, मग समास पाहिला, खोडलेला 'नाही' बोटाने चाचपला आणि वाक्य पुन्हा वाचलं.

"सर, हे कुनी लिवलं? मी नियम न्हाय वापरला."

"पास झालीस ना?"

"पर मी न्हाय वापरला."

"मंदा, बाबा पुढे गेलेत. पळ."

ती गेली. आभार मानले नाहीत. मला थोडं वाईट वाटलं, आणि ते तिच्या वागण्याचं नव्हतं. तिचं म्हणणं बरोबर होतं. ज्या गोष्टीवर तिने वर्षभर विश्वास ठेवायला नकार दिला, तीच तिने केली, असं आता शाळेच्या कागदावर सहीसकट लिहिलेलं होतं.

जूनमध्ये शाळा उघडली. पहिल्याच आठवड्यात मुख्याध्यापकांनी मला व्हरांड्यात बोलावलं. लाल सुविचाराखाली, कंपासच्या टोकाने चुन्यात खोल कोरून, कोणीतरी लिहिलं होतं:

ताला लागत न्हाय

"कोणाचं अक्षर हे?" मुख्याध्यापक लालबुंद झाले होते. "आठवी-नववीपैकीच आहे. नाव कळलं की दाखला देतो हातात."

वर्षभर मी ज्या अक्षराचा ताला खोडत आलो ते अक्षर अंधारातही ओळखलं असतं. तो 'ल' जरा उजवीकडे कलत असे. मी वाकून, चष्मा पुसून, बराच वेळ निरखल्यासारखं केलं.

"अक्षर ओळखीचं नाही," मी म्हटलं. "गणित मात्र बरोबर आहे."

नववीच्या वर्गात खिडकीशी बसलेली मंदा बाहेर बघत नव्हती. इतक्या निग्रहाने की शंका यावी. शेजारी इक्बाल आढ्याकडे पाहून शीळ घालत होता. मुख्याध्यापकांनी त्यालाच आधी उभं केलं.

"तू लिहिलंस?"

"सर, मैं लिखता तो ताला खुल जाता," इक्बाल म्हणाला. त्याला वर्गाबाहेर उभं केलं, आणि मंदाचं नाव कोणाच्या मनातच आलं नाही. मुली भिंतींवर लिहीत नाहीत, असा मुख्याध्यापकांचा आणखी एक नियम होता.

पुढच्या आठवड्यात तपासणी होती. मुख्याध्यापकांनी रफिक पेंटरला निरोप पाठवला, "व्हरांड्यातली भिंत खराब झालीये, नीट करून जा." रफिकला मराठी बोललेलं कळायचं, पण अक्षरं तो चित्रासारखी उतरवायचा. तो संध्याकाळी आला, भिंत पाहिली, एक ओळ झकास आणि दुसरी कोणीतरी ओबडधोबड खरडलेली, हे त्याच्या कलाकार डोळ्यांना बघवलं नाही. सकाळी आम्ही आलो तेव्हा दोन्ही ओळी एकाच लाल रंगात, एकाच वळणात चमकत होत्या. दुसऱ्या ओळीला त्याने दोन गुलाब आपल्या मनाने जास्त घातले होते.

रंग ओला होता आणि तपासणीचे साहेब दारात होते.

साहेबांनी मोठ्याने वाचलं, "बाजू बदलली की चिन्ह बदलते. ताला लागत न्हाय." मान डोलावली. "वा. पण याचा अर्थ?"

मी मुख्याध्यापकांकडे पाहिलं. बंद गळ्याच्या कोटात त्यांना घाम फुटला होता. पण माणूस कसलेला. म्हणाले, "स्थानिक बोलीचा समावेश केला आहे, साहेब. ज्ञानाला कुलूप लागत नाही, अशा अर्थाने."

साहेबांनी ते डायरीत उतरवून घेतलं. तपासणीच्या अहवालात 'बोलीभाषेचा कल्पक वापर' असा शेरा आला, आणि त्या शेऱ्यानंतर ती ओळ पुसण्याची कोणाची छाती झाली नाही. दर उन्हाळ्यात भिंतीला चुना लावायचे, पण तेलरंगावर चुना काय टिकणार? पावसाळ्यात दोन्ही ओळी पुन्हा वर यायच्या. माझ्या नोकरीभर मी त्या दोन ओळींसमोरून वर्गात गेलो. त्याच व्हरांड्यात झालेल्या निरोपसमारंभात एका वक्त्याने सांगितलं, की सरांनी पिढ्यान्‌पिढ्या नियमांचं बाळकडू पाजलं. शाल खांद्यावरून घसरत होती आणि मी त्याच्या डोक्यावरून मागची खालची ओळ वाचत होतो.

मंदा दहावी झाली. भूमितीने तिला पहिल्या वेळी अडवलं, ऑक्टोबरात सुटली. पुढे वडप्याला हायवेच्या गोदामांत ऑफिसचं काम करू लागली. माझ्या शेवटच्या वर्षी जूनमध्ये ती शाळेत आली, भावाच्या मुलीला आठवीत घालायला. मुलीचं नाव रेश्मा. व्हरांड्यात थांबून मंदाने भिंत पाहिली आणि तोंडावर पदर घेऊन इतकी हसली की रेश्मा घाबरली.

"सर, अजून न्हाय लागत?"

"नाही."

"मग पोरीला हितं बसवा, दारासमोर. म्हंजे खालची ओळ दिसल."

बसवली. जुलैत पहिली घटक चाचणी घेतली. आठवणीने पहिलाच प्रश्न दिला, −४क्ष = २०. रेश्माचा पेपर सगळ्यांत वर ठेवला होता. तिने समीकरण सुबक अक्षरात लिहिलं होतं. पुढच्या ओळीत उत्तर: क्ष = ५. आणि त्याखाली, अधोरेखित करून: ताला लागला.

सगळा जन्म गेला होता यात. मग लाल पेन बंद केलं आणि तिला बोलावलं.

"रेश्मा, इथे बस. लागला म्हणतेस ना? लावून दाखव."